आमच्या दारात आली का पालखी?

"आमच्या दारात आली की नाय पालखी?"

परळच्या खोलीत बांधलेल्या पांढऱ्या चादरीवर माहितीपट संपला, कुणीतरी उठून ट्यूबलाइट लावली, आणि टाळ्या वाजायच्या आधीच मागच्या भिंतीजवळून हा प्रश्न आला. विचारणाऱ्या काकी नालासोपाऱ्याहून आल्या होत्या. गुडघे दुखतात म्हणून खोलीतली एकुलती एक खुर्ची त्यांना दिली होती. ५२ मिनिटं त्या पुढे झुकून, पदराचं टोक मुठीत धरून बघत होत्या. मला वाटलं होतं, त्या रमल्यात. त्या शोधत होत्या.

मी म्हटलं, "काकी, तुमचं घर बंद होतं ना."

"घर बंद हाय ता मला म्हायती हाय गो. पालखी आली की नाय, ता इचारतंय."

चाळीसेक माणसं माझ्याकडे बघायला लागली. उत्तर मला ठाऊक होतं. पालखी आली होती. बंद दारासमोर थांबली होती. मी ते शूट केलं होतं, आणि दादरच्या एडिट रूममध्ये बसून मीच ते काढून टाकलं होतं.

ही खोली कसली, ते आधी सांगायला हवं. गिरणगावात एकेका गावाच्या अशा खोल्या होत्या; काही अजून आहेत. कोकणातून मुंबईला आलेला माणूस गाडीतून उतरला की थेट गावकीच्या खोलीवर यायचा. दहा बाय बाराच्या जागेत तीस-तीस पुरुष, प्रत्येकाची एक ट्रंक आणि एक वळकटी, जेवण खानावळीत. एक पाळी गिरणीत गेली की दुसरी पाळी तिच्या जागेवर पाठ टेकायची. माझे बाबा मिसरूड फुटायच्या वयात याच खोलीवर उतरले. १८ जानेवारी १९८२ला संप सुरू झाला, अडीच लाख कामगार बाहेर पडले, आणि गिरण्या पुन्हा पहिल्यासारख्या कधी चालल्याच नाहीत. खोलीतल्या कितीतरी जणांनी ट्रंका उचलल्या आणि गाव गाठलं. उरलेले वॉचमन झाले, कुरियरची पाकिटं वाटायला लागले, संसार घेऊन दिवा, डोंबिवली, विरारकडे सरकले. खोली मात्र राहिली. आता तिथे कुणी झोपत नाही. महिन्यातून एका रविवारी मिटिंग होते, वर्गणी जमते, देवळाच्या पत्र्यांपासून शिमग्याच्या गाड्यांपर्यंत सगळं तिथेच ठरतं. भिंतीवर ग्रामदेवतेचा फोटो आणि त्याखाली काळ्या फळ्यावर पांढऱ्या ऑइलपेंटने वाडीवार नावं. तो फळा मी लहानपणापासून बघत आले होते. नावं कुठल्या क्रमाने लिहिलीत, हा विचार कधी मनात आला नव्हता.

गाव संगमेश्वर तालुक्यातलं. नऊ वाड्या, मधून वाहणारा एक पऱ्या म्हणजे ओढा, जांभ्याची घरं, एका वाडीतून दुसरीत जायला पाखाड्या. घरं शंभराच्या वर. वर्षभर ज्यांच्यातून चुलीचा धूर निघतो अशी जेमतेम चाळीस. आमच्याकडे तेरसे शिमगा, म्हणजे फाल्गुन शुद्ध त्रयोदशीचा. शेजारच्या गावात भद्रेचा, म्हणजे पौर्णिमेचा. देवीची रूपं, म्हणजे मुखवटे, पेटीतून निघतात, उजळून पालखीत बसतात. त्याला 'रूपं लागली' म्हणतात. सहाणेवर, म्हणजे पालखी बसते त्या गावच्या चौथऱ्यापाशी, होळी उभी राहते, आणि मग पालखी घरोघर निघते. एरवी वर्षभर आपण देवळात देवीकडे जातो. शिमग्यात ती आपल्या अंगणात येते. साहेबाशी भांडून रजा काढायची, उभ्याने रात्रभर प्रवास करायचा आणि पहाटे गावच्या वाटेला लागायचं, हे सगळं चाकरमानी त्या एका क्षणासाठी करतो.

२०२३च्या मार्चमध्ये मी गेले. दादरहून मध्यरात्री सुटणारी तुतारी, दोन कॅमेरे, आवाज सांभाळायला एक मित्र आणि सॅकभर बॅटऱ्या. मी मुंबईत संकलक म्हणून काम करते. राजस्थानची, बुंदेलखंडाची, ईशान्येकडची गावं मी या टेबलावर कापली आणि जोडली आहेत, दुसऱ्यांनी शूट केलेली. आपलं गाव कधी कुणी आणून दिलं नाही. म्हणून स्वतःच गेले. पैसे स्वतःचे, रजाही स्वतःची. आमचं गाव जगाला दाखवायचं होतं आणि ते देखणं दाखवायचं होतं. त्यात मला आजही काही चुकीचं वाटत नाही.

आठ दिवस पालखीमागे चालले. एक गोष्ट जवळून पाहिली, ती इथे लिहून ठेवते. पालखीची दांडी ज्या खांद्यावर येते तिथे टॉवेलची चौपदरी घडी असते. तिसऱ्या दिवशी त्या घडीखालची कातडी सोलवटलेली असते. एका खांद्यावर मी सहा मिनिटं कॅमेरा धरला होता. घामाने टॉवेल काळपट झालेला, कडेने गुलालाची ओली रेघ. ढोलाचा ठेका बदलला की आधी मानेची शीर फुगते, मग गुडघा वाकतो, मग पाय उचलतो. पालखी रंगात येऊन नाचायला लागली की दांडी खांद्यावरून उडते, निमिषभर कुणाच्याच अंगावर नसते आणि परत बरोबर त्याच घडीवर येऊन बसते. हल्ली गावोगावच्या पालख्यांचे ड्रोनने काढलेले व्हिडिओ फिरतात. वरून गर्दी रांगोळीसारखी दिसते, मलाही ती बघायला आवडते. पण दांडी अधांतरी असतानाचा तो निमिष वरून दिसत नाही. त्यासाठी खांद्याच्या उंचीवर उभं राहावं लागतं आणि धक्के सोसावे लागतात.

रात्री नमन, म्हणजे कोकणातलं लोकनाट्य. खेळे रंगायला मध्यरात्र होते. त्याआधी देवळाच्या मागे मृदंगवाले काका एका वाटीत कणीक भिजवत बसले होते. धुमेच्या, म्हणजे मृदंगाच्या खर्जातल्या बाजूच्या, तोंडावर त्यांनी तो गोळा चिकटवला, अंगठ्याने कडेने दाबत दाबत पसरला, थाप मारली, मान हलवली, चिमूटभर काढून घेतला, परत थाप मारली. असं सात-आठ वेळा. तो आवाज मनासारखा खाली उतरेपर्यंत त्यांनी माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. मग म्हणाले, "आता बोलतोय." पायघोळ अंगरखे घातलेले खेळे अर्धगोलात उभे राहिले. काळ्या झग्यातला, उंच टोपीचा संकासुर अजून मंडपामागे विडी ओढत होता. पहिलं नमन कुणाला, दुसरं कुणाला, मग धरतीला, मग गावच्या देवीला, मग शिवेपलीकडच्या गावांच्या देवांना, असं एकेक नाव घेत ते पुढे सरकत होते. मधे एका तरुण पोराने एक नाव आधी घेतलं. काकांनी हात उचलला. सगळं थांबलं आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू झालं. प्रेक्षकांत कुणी हूं की चूं केलं नाही. पहाटे मी त्यांना विचारलं, इतक्या लोकांत कुणाच्या लक्षात आलं असतं? ते म्हणाले, "ज्याचा नाव मागं गेला, त्याच्या लक्षात आला असता."

हे वाक्य मी वहीत लिहून घेतलं. मुंबईला येऊन ६१ तासांचं फुटेज टेबलावर घेतलं तेव्हा ती वही उघडलीच नाही.

टेबलावर मी काय केलं? जे मला येतं तेच. उजेड बघितला. सगळ्यात सुंदर सकाळ चौथ्या दिवसाची होती. वरच्या वाडीत, सड्याच्या, म्हणजे डोंगरावरच्या सपाट माळाच्या, टोकाला, धुक्यातून पालखी वर चढते आणि काजूच्या मोहरावर पहिलं ऊन पडतं. ती सकाळ सुरुवातीला लावली. मानकऱ्यांच्या घरी पालखी प्रत्यक्षात सगळ्यात आधी जाते, पण तेव्हा भर दुपार होती, चेहऱ्यांवर काळ्या सावल्या होत्या. तो भाग ४०व्या मिनिटाला गेला. आणि बंद घरं? गावात कुलूप लागलेल्या घरांसमोरही पालखी थांबते. ढोल थांबतो, शेजारीण ओटी भरते, गुरव गाऱ्हाणं घालतो, पालखी पुढे निघते. त्या वेळी काहीच हलत नाही. अंगणात माणसं नाहीत, दारावर कुलूप. आमच्या धंद्यात त्याला डेड शॉट म्हणतात. असे ३१ शॉट होते. मी एक नवीन बिन, म्हणजे शॉट ठेवायचा फोल्डर, उघडला, ते सगळे त्यात टाकले आणि पुन्हा तिकडे वळले नाही.

त्या रविवारी परळच्या खोलीत बसलेल्यांपैकी बहुतेकांची घरं त्या बिनमध्ये होती.

काकींच्या प्रश्नानंतर खोली बोलायला लागली. दोघं-तिघं म्हणाले, "आमचं पण नाय दिसला." एकाने सांगितलं की त्याने घरासमोरची फणसाची फांदी ओळखली, पण कॅमेरा तिथूनच वळला. मग मानकऱ्यांच्या घरातले एक आजोबा बोलले. आवाज चढवला नाही त्यांनी, आणि तेच मला जास्त लागलं. म्हणाले, "बाय, काम चांगला केलंस. पण पालखी पयली वरच्या वाडीत नेलीस तू. आज हे मोबाइलवर जाईल. आणि दहा वर्सांनी वरच्या वाडीची पोरं म्हणतील, बगा, फिल्ममदी असा हाय."

वरच्या वाडीचे लोकही खोलीत होते. ते गप्प होते.

मग आजोबांनी मला सांगितलं, आणि हे मला माझ्या घरातही कधी कुणी सांगितलं नव्हतं. त्यांच्या लहानपणी याच क्रमावरून गावात वाद झाला. कुठल्या वाडीनंतर कुठली, कुणाच्या अंगणात रात्रीचा मुक्काम. तीन शिमगे पालखी देवळाबाहेर निघाली नाही. तीन वर्षं कुणाच्याच दारात देवी आली नाही. शेवटी गाव सहाणेवर बसलं, दिवस-रात्र बसलं, आणि एकेका घराचा क्रम ठरला. कुणाला आधीचा मान मिळाला, त्याने मुक्काम सोडला. कुणी मुक्काम घेतला, त्याने होळीचं झाड देण्याची जबाबदारी घेतली. आज पालखी ज्या वाटेने जाते ती वाट म्हणजे तो तह आहे. पाखाडीच्या एकेका वळणामागे कुणाची तरी माघार आहे आणि कुणाचा तरी हट्ट. फळ्यावरची वाडीवार नावं त्याच क्रमात रंगवलेली होती.

मी रोज क्रम लावून पोट भरते. कुठला शॉट आधी आणि कुठला नंतर, यातूनच अर्थ उभा राहतो, हे मी नव्या मुलांना शिकवते. आणि हाती आलेल्या फुटेजला स्वतःचा काही क्रम नसतो, तो आपणच लावायचा असतो, असं मी धरून चालले होते. गावाने तो आधीच लावलेला होता. माझ्यापेक्षा कितीतरी जास्त वेळ घेऊन, भांडून, उपाशी बसून लावलेला होता. त्या तुलनेत धुक्यातली सकाळ काय!

तेव्हापासून जुने माहितीपट बघताना माझी नजर बदलली आहे. भारतात मुंबई या प्रकाराचं जन्मगाव. ७ जुलै १८९६ला वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंची हलती चित्रं दाखवली गेली. पुढे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी विलायतेहून कॅमेरा मागवला आणि १८९९मध्ये हँगिंग गार्डनवर काय टिपलं, तर कुस्ती! भारतीय माणसाने केलेलं पहिलं चित्रण म्हणून आपण ते सांगतो, आणि त्यात मातीतली झोंबाझोंबी आहे याचं मला फार अप्रूप वाटतं. ती फिल्म मी पाहिलेली नाही. पण आता तिच्याबद्दल विचार करते तेव्हा पैलवानांपेक्षा भोवती उभ्या असलेल्यांचा विचार जास्त येतो. कुणी कुणाला पुढे उभं केलं असेल? कुणाच्या गावचा पैलवान होता म्हणून कोण ओरडलं असेल?

आणि बाबांची एक आठवण. १९४८मध्ये सरकारचं फिल्म्स डिव्हिजन सुरू झालं, आणि पुढे कितीतरी वर्षं थिएटरात सिनेमाआधी त्यांचा माहितीपट किंवा वार्तापट दाखवणं सक्तीचं होतं. लोक तेवढ्यात चहा पिऊन यायचे. बाबा लालबागच्या भारतमाताला जायचे आणि मुद्दाम वेळेआधी आत बसायचे. एकदा भाताच्या लावणीचं काहीतरी दाखवत होते. पडद्यामागून एक भारदस्त आवाज शेतीच्या सुधारणेबद्दल बोलत होता आणि बाबा आणि त्यांचा खोलीतला जोडीदार ते शेत ओळखायच्या मागे लागले होते. डोंगराचा आकार आपल्या मळ्यामागच्या डोंगरासारखा होता. शेवटपर्यंत त्या आवाजाने गावाचं नाव घेतलं नाही. बाबा हे सांगताना दरवेळी त्या डोंगराचा आकार हवेत बोटाने काढून दाखवायचे. फिल्म्स डिव्हिजन २०२२मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झालं. त्या संस्थेने केवढं मोठं काम करून ठेवलंय, ते बघायला एक आयुष्य पुरणार नाही. पण तो आवाज गावांवरून बोलत गेला, आणि खाली उभी असलेली माणसं त्या आवाजाखाली गप्प राहिली, ही माझी खंत आहे. काकी चादरीवर जे शोधत होत्या तेच बाबा भारतमातामध्ये शोधत होते.

याच्या उलट काम कसं असतं, तेही मला मुंबईतच बघायला मिळालं. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी महाराष्ट्रातल्या खेड्यापाड्यांतून जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या, एक लाखाहून जास्त. आता पी. साईनाथ यांनी उभ्या केलेल्या 'पारी'च्या संकेतस्थळावर त्या येतात, आणि ओवीसोबत गाणारणीचं नाव असतं, गाव असतं, तालुका असतो. घरातल्या कोपऱ्यात, पहाटेच्या अंधारात, कुणी ऐकत नसताना गायलेली ओवी. तिलाही धनीण आहे, हे तिथे मानलं आहे. मी तासन्‌तास ऐकत बसते. आवाजाआधी नाव वाचते.

एका वाहिनीचंही सांगते आणि लगेच पुढे जाते, कारण त्यात रेंगाळायची माझी इच्छा नाही. त्याच शिमग्याचा तीन मिनिटांचा तुकडा मी त्यांना सणाच्या कार्यक्रमासाठी दिला होता. प्रसारित झाला तेव्हा आमच्या पालखीवर कुठल्यातरी ढोलपथकाचा रेकॉर्ड केलेला गजर चढवलेला होता. आमचा ठेका गेला, सनई गेली. गावातून अर्ध्या तासात सतरा फोन आले. एका मुलाने विचारलं, "ताई, पाय कुठे पडतायत आणि ढोल कुठे वाजतोय?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. त्या दिवशी ठरवलं की आवाज यापुढे कुणाच्या हाती द्यायचा नाही.

आवाजाचा हा विषय मला जिथे घेऊन गेला, ते मी मनात धरलं नव्हतं.

परळच्या त्या रविवारनंतर मी लॅपटॉप घेऊन नायगावच्या बीडीडी चाळीत एका आजोबांकडे गेले. आमच्याच गावचे. बाबांचे शाळेतले सोबती. ते परळच्या खोलीवर कधी आले नाहीत; त्यांच्या वाडीची मुंबईतली बैठक वेगळी भरते. त्यांनी चहा ठेवला, चष्मा पुसला आणि सगळी फिल्म शांतपणे पाहिली. मृदंगाच्या प्रसंगाला मान डोलावली. मग एका ठिकाणी म्हणाले, थांबव. पडद्यावर ढोल वाजवणाऱ्याचा हात होता.

"हे वाजवणारे कुठले?"

मी म्हटलं, बाहेरगावचे, सुपारी देऊन आणलेले.

"का आणले, ते विचारलंस?"

नव्हतं विचारलं.

त्यांनी सांगितलं, तसंच लिहिते. "माझे वडील या पालखीपुढे वाजवायचे. त्यांचे वडीलही. पालखी सगळ्या वाड्यांत जायची, आमच्या वाडीच्या पऱ्यापर्यंत यायची आणि तिथून वळायची. वाजवणारे आम्ही, आणि दार मात्र आमचं नाही. १९५६ला बाबासाहेबांनी धम्म दिला. वडील मुंबईहून गावी गेले आणि वाडीने बसून ठरवलं, गावकीची कामं बंद. ढोल देवळाच्या पायरीवर नेऊन ठेवला. तेव्हापासून गाव बाहेरून वाजवणारे आणतं." थोडं थांबून म्हणाले, "तुझी फिल्म गावच्या परंपरेवर आहे ना? मग आम्ही वाजवायचं सोडलं, हीसुद्धा गावचीच गोष्ट आहे. तेवढीच जुनी नसेल, पण आम्हाला तिचा अभिमान आहे."

मला काही बोलताच आलं नाही. त्यांनी कपाटातून फोटो काढले. वाडीतलं विहार, १४ एप्रिलची मिरवणूक, निळ्या पताका, मुंबईहून गेलेल्या दोन गाड्या, विहाराच्या पायऱ्यांवर बसलेली बायका-मुलं. तोच सडा, तेच काजू, तोच पऱ्या, फक्त दुसऱ्या काठावरून. मी या लेखात वर नऊ वाड्या लिहिल्या. गावात सगळे नऊच म्हणतात, फळ्यावरही नऊच आहेत. वाड्या दहा आहेत. वरचा आकडा मी मुद्दाम तसाच ठेवला, कारण मीही चाळीस वर्षं नऊच मोजत होते.

२०२४च्या एप्रिलमध्ये पुन्हा गेले. मिरवणूक शूट केली. आजोबा पऱ्याच्या काठावर उभे राहून कॅमेऱ्याकडे बघून बोलले, जिथून पालखी वळते त्याच जागी. त्यांच्या अटीनुसार त्यांच्या बोलण्याखाली कुठलंही संगीत नाही. पऱ्याला तेव्हा पाणी नव्हतं. पाखरांचा आवाज आहे आणि लांबून येणारी मिरवणुकीची घोषणा.

मग टेबलावर सगळं उलगडलं आणि नव्याने बसवायला घेतलं. मानकऱ्यांचं घर पहिलं आलं, भर दुपारच्या काळ्या सावल्यांसकट. धुक्यातली सकाळ चौथ्या दिवशी, जिथली तिथे. पालखी पऱ्यापाशी येते, वळते, आणि तिथून फिल्म वळत नाही. पऱ्या ओलांडून आजोबांकडे जाते. गावात हे किती जणांना रुचेल याचा अंदाज मला आहे. मानकऱ्यांच्या आजोबांना मी हा भाग आधी दाखवला. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "तो वाजवायचा तेव्हा पालखी वेगली नाचायची." ज्यांनी ढोल पायरीवर ठेवला त्यांच्याबद्दल, इतक्या वर्षांनी. त्यांचं हे वाक्यही फिल्ममध्ये आहे.

फिल्म आता ७८ मिनिटांची झाली आहे. कुठल्याही वाहिनीच्या तासात ती बसत नाही. महोत्सवांना पाठवते आहे, बघू. पण आधी ती गावात, सहाणेवर, दोन बांबूंना चादर बांधून दाखवायची आहे. विहारातही दाखवायची आहे. आधी कुठे दाखवायची यावर दोन्हीकडच्या तरुण मुलांचं फोनवर बोलणं चालू आहे आणि त्यात मी पडलेली नाही.

आणि तो बिन मी उघडला. ३१ बंद दारं. सगळी घेता आली नाहीत, अकरा घेतली, आणि जी घेतली ती मधे कुठेही न कापता घेतली. उरलेल्या वीस घरांचे शॉट त्या त्या माणसांना मोबाइलवर पाठवले. काकींचा शॉट मात्र स्वतः नालासोपाऱ्याला जाऊन दाखवला.

४७ सेकंद. पालखी अंगणात येते. ढोल थांबतो. खांदेकरी दांडी खाली घेत नाहीत, तसेच उभे राहतात, एकाच्या हनुवटीवरून घाम ठिबकतो. दाराला पितळी कुलूप, कडीवर कोळिष्टक, तुळशीवृंदावनाच्या खाली पालापाचोळा. शेजारची वहिनी घाईघाईने पदर खोचत येते, खण-नारळाने ओटी भरते, कुंकू लावते. गुरव डोळे मिटून गाऱ्हाणं घालतो. काकींच्या नवऱ्याचं नाव घेतो, मग दोन्ही मुलांची आणि शेवटी नातवाचं. तो पोरगा विरारच्या इस्पितळात जन्मला आणि हे दार त्याने अजून पाहिलेलं नाही. देवीपुढे मात्र त्याचं नाव न अडखळता घेतलं जातं. पोटापाण्यासाठी मुंबईत गेलेल्या लेकरांना सांभाळ, असं गुरव म्हणतो. मागचे सगळे 'होय' म्हणतात. पालखी वळते, कॅमेरा दारावरच राहतो.

काकींनी ते चार वेळा बघितलं. नातू मागे उभा राहून बघत होता. स्वतःचं नाव ऐकल्यावर त्याने त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. चौथ्या वेळी काकींनी मोबाइल डोळ्यांजवळ नेला आणि पडद्यावर बोट ठेवलं, चौकटीच्या वर, जिथे सुकून काळी पडलेली आंब्याची पानं लोंबत होती.

"तोरण बदलाया पायजे," त्या म्हणाल्या. "गणपतीला कोन कोन येतंय रे?"